खानापूरची नोटीस, घणसोलीचा पत्ता

नोटीस एका पानाची होती आणि सगळी कन्नडमध्ये. वर कार्यालयाचा शिक्का, खाली सही, मधे हातानं भरलेला सर्व्हे क्रमांक आणि तारीख. पाकिटावरचा घणसोलीचा पत्ता तेवढा इंग्रजीत होता, म्हणून ती पोचली. घरात कन्नड वाचणारं कुणी नाही. वडील कामापुरतं बोलायचे, पण वाचता त्यांनाही येत नव्हतं. आणि ही नोटीस त्यांच्या मृत्यूनंतरच्या वारस नोंदीचीच होती. अकरा दिवस ती देव्हाऱ्याखालच्या कप्प्यात पडून राहिली.

हे प्रकरण कुणा एका ओळखता येण्यासारख्या कुटुंबाचं नाही. बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यात शेती आणि ठाणे-नवी मुंबईत बिऱ्हाड असलेल्या घरांमध्ये ज्या अडचणी पुन्हा पुन्हा येतात, त्या एका घराच्या रूपानं इथे मांडल्या आहेत. घर असं: थोरला मुलगा घणसोलीत, बहीण कळव्यात, चुलते गावी. जमीन वडिलोपार्जित. चुलत्यांनी नोंदीसाठी अर्ज दिला, त्यात मुलाचं नाव आहे, बहिणीचं नाही. हेतू वाईट असेलच असं नाही. ‘पोरीचं लग्न झालं’ एवढ्यावर नाव गाळण्याची सवय जुनी आहे. २००५च्या हिंदू वारसा दुरुस्तीनंतर त्या सवयीला कायद्यात जागा नाही.

म्हणजे मूळ काम साधं आहे: मुदतीत हरकत द्यायची, बहिणीचं नाव लावायचं. ते साधं काम भाषेमुळे कसं अडतं आणि अडलं तर घटनेतलं कुठलं कलम नेमकं किती उपयोगी पडतं, हा या प्रकरणाचा विषय आहे.

सीमा कुठे आहे आणि दावा कुठे

१ नोव्हेंबर १९५६ला राज्यपुनर्रचनेत बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला. चंदगड तालुका तेवढा इकडे राहिला. १९६६मध्ये नेमलेल्या महाजन आयोगानं १९६७च्या अहवालात २६४ गावं महाराष्ट्राला आणि २४७ गावं म्हैसूरला द्यावीत असं सुचवलं. महाराष्ट्राला सुचवलेल्यांत निपाणी, नंदगड आणि खानापूर होतं. बेळगाव शहर नव्हतं. महाराष्ट्रानं तो अहवाल नाकारला, आणि त्यावर अंमल झालाच नाही. महाराष्ट्राचा आजचा दावा ८६५ गावांवर आहे. त्यासाठी २००४मध्ये घटनेच्या अनुच्छेद १३१खाली सर्वोच्च न्यायालयात दाखल केलेला मूळ दावा क्रमांक ४ अजून निकाली निघालेला नाही.

इथे एक मत खोडून काढणं गरजेचं आहे, कारण त्यानं माणसांचं नुकसान होतं. सीमाभागात आणि त्याहून जास्त इकडे मुंबई-ठाण्यात असं म्हणतात की भाषिक अल्पसंख्याक म्हणून हक्क मागितले, तर कर्नाटकात असणं कबूल केल्यासारखं होतं. तसं होत नाही. अनुच्छेद १३१चा दावा दोन राज्यांमधला आहे. खानापूरच्या कचेरीत कुणी मराठीत अर्ज दिला किंवा न दिला, यानं त्याच्या गुणदोषांत काही बदलत नाही. पण हरकतीची मुदत मात्र संपते. वीस वर्षांहून जास्त काळ चाललेल्या दाव्याच्या निकालासाठी सातबाऱ्यावरचं नाव थांबत नाही.

नोटीस वाचताना

बाराव्या दिवशी मोबाइलवरच्या भाषांतराच्या सोयीनं फोटो काढून नोटीस ‘वाचली’ गेली. अंदाज आला, पण दोन ठिकाणी फसगत झाली.

पहिली ‘तकरारु’ या शब्दाची. कन्नड महसुली भाषेत तकरारु म्हणजे हरकत. मराठीत तक्रार म्हणजे गाऱ्हाणं. घरच्यांनी ‘तक्रार असल्यास कळवा’ असा अर्थ घेतला आणि चुलत्यांविरुद्ध चार पानांची तक्रार लिहिली, भांडणांसकट. नोंदीवर हरकत आहे, हे वाक्य त्या चार पानांत कुठेच नव्हतं.

दुसरी क्षेत्राची. उताऱ्यावर आकडे होते २-२०-०. सातबाऱ्याची सवय असलेल्यांनी ते दोन हेक्टर वीस आर धरले. कर्नाटकच्या उताऱ्यावर, म्हणजे पहाणीवर, क्षेत्र एकर-गुंठे-आण्यांत असतं: ४० गुंठ्यांचा एकर, १६ आण्यांचा गुंठा. २-२०-० म्हणजे अडीच एकर, जवळपास एक हेक्टर एक आर. गावी ताब्यात जमीन तर अडीचच एकर, म्हणून घरच्यांना वाटलं चुलत्यांनी निम्म्याहून जास्त जमीन आधीच विकली. गावी फोन गेला, आवाज चढले, आणि पुढे वंशवृक्षावर सही हवी होती तेव्हा चुलते गप्प बसले. एका मापाच्या गैरसमजानं पुढचे दोन महिने खाल्ले.

तरीही या लिपीला घाबरून जाण्याचं कारण नाही. महसुलाचे अर्धेअधिक शब्द दोन्हीकडे एकच आहेत. जमीनु, खाते, हिस्सा, वारसुदार, हाजरु, गैरहाजरु: कुणी मोठ्यानं वाचून दाखवलं की मराठी कानाला निम्मी नोटीस कळते. ‘पौती खाते’ म्हणजे आपल्या जुन्या फेरफारातली फौती, मयताच्या जागी वारस लावणं. नोटिशीत सगळ्यात आधी शोधायचा शब्द ‘ओळगागि’, म्हणजे ‘-च्या आत’. त्याच्या अलीकडचा आकडा ही मुदत. हातानं लिहिलेली तारीख कन्नड आकड्यांत असेल तर जपून, कारण कन्नड १ मराठी नजरेला शून्यासारखा दिसतो. पहाणीचा नववा रकाना मालकाचं नाव आणि खातं सांगतो, अकरावा बोजा आणि इतर हक्क. एवढे दोन रकाने कुणाकडून तरी नीट वाचून घेतले की पुष्कळ झालं.

वाचून घ्यायचं कुणाकडून? उत्तर जवळच आहे. मुंबई महापालिका कन्नड माध्यमाच्या शाळा चालवते. तिथले निवृत्त शिक्षक ठाणे, डोंबिवली, नवी मुंबईत राहतात आणि दोन्ही भाषा लिहितात. या प्रकरणातला चांगला अनुवाद अशाच एका शिक्षकांकडून झाला. महसुली शब्दांची खात्री करायला त्यांनी बेळगावातल्या वकिलाला फोन लावून घेतला. भाषेवरून चाललेल्या भांडणात हेही घडत असतं आणि ते नोंदवायला हवं.

अनुच्छेद ३५०: अर्धा दरवाजा

चार पानांची तक्रार मराठीत होती. ती घेऊन चुलतभाऊ कचेरीत गेला तेव्हा खिडकीवर सांगितलं, कन्नडमध्ये आणा. कागद परत. पोच नाही, नोंद नाही, नकारही लेखी नाही. अशा वेळी बहुतेक जण भांडतात किंवा परततात. दोन्हींत दिवस जातात.

घटनेचा अनुच्छेद ३५० प्रत्येक व्यक्तीला असा हक्क देतो की कुठल्याही गाऱ्हाण्याच्या निवारणासाठी संघराज्याच्या किंवा राज्याच्या अधिकाऱ्याकडे, संघात किंवा त्या राज्यात वापरल्या जाणाऱ्या कुठल्याही भाषेत निवेदन देता येतं. शब्द ‘राजभाषा’ नाही, ‘वापरली जाणारी भाषा’ आहे. बेळगाव जिल्ह्यात मराठी वापरली जात नाही असं कुणीही म्हणू शकत नाही. म्हणून मराठी निवेदन भाषेच्या कारणावरून परत करता येत नाही.

पण याच कलमाची दुसरी बाजू लोक वाचत नाहीत. उत्तर त्याच भाषेत मिळेल असं ३५० म्हणत नाही. निवेदन घ्या आणि त्याच भाषेत उत्तर द्या, ही गोष्ट अल्पसंख्याकांसाठी मान्य झालेल्या संरक्षक उपायांच्या योजनेत आहे. तिची मुळं १९५६चं केंद्राचं निवेदनपत्र आणि १९६१ची मुख्यमंत्र्यांची परिषद इथे आहेत. ती प्रशासकीय कबुली आहे, कायदा नाही. ‘घटनेनं मला मराठी उत्तराचा हक्क दिलाय’ असं अर्जात लिहिलं की समोरचा जाणकार अधिकारी तिथेच बोट ठेवतो आणि खरा हक्कही त्याबरोबर वाहून जातो.

माहिती अधिकारात तर आणखी फसायला होतं. २००५च्या कायद्याचं कलम ६(१) अर्जासाठी इंग्रजी, हिंदी किंवा त्या क्षेत्राची राजभाषा एवढ्याच भाषा सांगतं. म्हणून कर्नाटकात माहितीचा अर्ज मराठीत नको. हिंदीत द्यावा, लिपी आपलीच आहे. कर्नाटकच्या नियमांनुसार एका अर्जात एकच विषय आणि साधारण १५० शब्द, सोबत १० रुपये शुल्क. ‘अमुक सर्व्हे क्रमांकाच्या वारस नोंदीत आलेली निवेदनं, त्यांवरचे शेरे आणि नोंदवहीची नक्कल’ एवढं पुरतं. तीस दिवसांत उत्तर येणं बंधनकारक आहे, आणि परत केलेल्या कागदाचं काय झालं याचा लेखी पुरावा बहुतेक वेळा इथूनच मिळतो.

दुसऱ्या खेपेचा अर्ज असा बनला. एकच पान. डावीकडे मराठी, उजवीकडे कन्नड अनुवाद, दोन्हीवर सही. पहिल्याच ओळीत गाव, सर्व्हे क्रमांक, हिस्सा क्रमांक, नोटिशीची तारीख. दुसऱ्या ओळीत ‘प्रस्तावित वारस नोंदीस हरकत’. मग कारण दोन वाक्यांत: मयताच्या मुलीचं नाव गाळलं आहे. सोबत मृत्यू दाखला, बहिणीचा जन्माचा किंवा शाळेचा दाखला, वंशावळीचं प्रतिज्ञापत्र. शेवटी वेगळ्या परिच्छेदात विनंती: पुढील पत्रव्यवहाराचा मराठी अनुवाद मिळावा. ही विनंतीच ठेवायची, अट नाही. ‘मराठीत नोटीस मिळेपर्यंत मुदत सुरू होत नाही’ असं लिहिणं हा सगळ्यात महागात पडणारा मोह आहे. नोटीस नाकारणं किंवा टपाल परत पाठवणं हे तर त्याहून वाईट. नाकारलेली नोटीस पोचली असंच धरलं जातं.

अर्ज हाती देऊन पोच घेतली, आणि त्याच दिवशी तोच नोंदणीकृत टपालानंही पाठवला. या वेळी तो परत आला नाही. कन्नड अनुवाद जोडणं म्हणजे माघार, असं काहींना वाटतं. मराठी मजकूर हा मूळ अर्ज आणि कन्नड ही त्याची सोय, असं वर स्पष्ट लिहिलं की तत्त्वही राहतं आणि कामही होतं.

‘ज्ञ’चं काय झालं

पुढचा अडसर नावाचा होता, आणि तो भाषेच्या प्रश्नाचा सगळ्यात न दिसणारा भाग आहे. वडिलांच्या नावाची सुरुवात ‘ज्ञ’नं. देवनागरीत आणि कन्नड लिपीत अक्षर एकच, उच्चार वेगळा. मराठी माणूस ‘द्न्य’ म्हणतो, म्हणून महाराष्ट्रातल्या आधारकार्डावर रोमन स्पेलिंग डी-एन-वाय-ए असं सुरू झालं. कन्नड वळणानं तेच जे-एन-ए असं लिहितात. त्यात गावच्या उताऱ्यावर पाळण्यातलं छोटं नाव, आजोबांचं नाव एकीकडे परशराम आणि दुसरीकडे परशुराम. संगणकाच्या दृष्टीनं ही तीन वेगळी माणसं.

यावर नुसतं ‘एकच व्यक्ती’ असल्याचं प्रतिज्ञापत्र बहुधा पुरत नाही. त्याला जुन्या कागदाचा आधार लागतो. बेळगाव १९५६पर्यंत मुंबई राज्यात होतं, त्यामुळे या भागातल्या अनेक घरांत तेव्हाचे फेरफार आणि उतारे मराठीत सापडतात, त्याआधीचे मोडीत. इथे १९५०च्या दशकातला मराठी फेरफार पेटीत निघाला, आणि त्यात छोटं नाव व पूर्ण नाव एकाच ओळीत होतं. तो एक कागद बाकी सगळ्यांवर भारी पडला. मोडी असेल तर लिप्यंतर जाणकाराकडून करून घ्यावं आणि मूळ कागद कुठल्याही कचेरीत ठेवून येऊ नये. साक्षांकित नक्कलच द्यावी.

सुनावणीला दर वेळी जाणं जमत नाही म्हणून चुलतभावाला मुखत्यारपत्र दिलं. नोंदणी कायद्याच्या कलम ३३नुसार, दस्त नोंदणीसाठीचं मुखत्यारपत्र देणारा जिथे राहतो तिथल्या दुय्यम निबंधकासमोर ते करावं लागतं, म्हणजे इथे नवी मुंबईतच. वारस नोंदीच्या सुनावणीला साधं नोटरी केलेलं चालून जातं, पण पुढे वाटणीपत्र करायचं असेल तर पहिल्यापासून निबंधकासमोर केलेलंच बरं. प्रवास धरून चालू नये, हेही सांगायला हवं: फेब्रुवारी २०२५मध्ये भाषेवरूनच्या मारहाणीनंतर दोन्ही राज्यांमधली बससेवा खंडित झाली होती. सुनावणी असेल तर मिरजमार्गे रेल्वेचं तिकीट आधी काढून ठेवावं.

पंधरा टक्के, साठ टक्के

एका घराचं काम असं पुढे सरकतं. पण नोटीस मुळात मराठीतही का नव्हती?

मान्य झालेल्या योजनेत दोन आकडे आहेत. जिल्हा किंवा तालुका पातळीवर लोकसंख्येच्या किमान १५ टक्के लोक एखादी भाषा बोलत असतील, तर महत्त्वाचे नियम, अधिसूचना, नोटिसा त्या भाषेतही प्रसिद्ध कराव्यात. आणि जिल्ह्यात ६० टक्के किंवा त्याहून जास्त असतील तर ती जिल्ह्यासाठी अतिरिक्त राजभाषा करावी. २०११च्या जनगणनेत बेळगाव जिल्ह्याची लोकसंख्या ४७ लाखांवर होती, मराठी मातृभाषा सांगणारे १५ टक्क्यांच्या वर, ६०च्या बरेच खाली. खानापूर तालुक्यात मराठी भाषक सर्वांत मोठा गट. म्हणजे पहिला निकष लागू होतो, दुसरा होत नाही. मागणी करताना हा फरक धरून बोललं तर ती टिकते. ‘मराठी राजभाषा करा’ या घोषणेमागे आकडा नाही. ‘तालुक्यातल्या नोटिसा मराठीतही लावा’ यामागे आहे.

अडचण अशी की ही योजना मोडली तर न्यायालयात जाऊन ती थेट बजावून घेता येत नाही. घटनेच्या सातव्या दुरुस्तीनं १९५६मध्ये अनुच्छेद ३५०-ब आणला आणि भाषिक अल्पसंख्याकांसाठी विशेष अधिकाऱ्याची, म्हणजे आयुक्तांची, तरतूद केली. त्यांच्या आयुक्तालयाचं विभागीय कार्यालय अनेक वर्षं खुद्द बेळगावात होतं. आयुक्त तपास करतात, राष्ट्रपतींना अहवाल देतात, तो संसदेत मांडला जातो. आदेश देण्याचा अधिकार त्यांना नाही. तरी तिथे तक्रार जायलाच हवी, कारण अहवालात आकडा तेव्हाच येतो जेव्हा खाली कागद असतात. परत केलेला अर्ज, तारीख, टपालाची पावती: एवढं जोडून पाठवलेलं एक पान सभेतल्या ठरावापेक्षा जास्त कामाचं.

स्थानिक स्वायत्ततेचा मार्गही आजमावून झाला आहे. २००५मध्ये बेळगाव महापालिकेनं महाराष्ट्रात विलीन होण्याचा ठराव केला. राज्य सरकारनं महापालिकाच बरखास्त केली. नगरपालिका वा महापालिका हे राज्याच्या कायद्यानं उभं राहिलेलं घर आहे, त्याच्या छपरावरून सीमा बदलता येत नाही. मात्र सभेचं इतिवृत्त, कार्यक्रमपत्रिका आणि पाणीपट्टीचं बिल दोन भाषांत असावं, ही मागणी त्याच घरात बसून करता येते.

तुलनेसाठी इटलीच्या उत्तर सीमेवरचा दक्षिण टायरॉल पाहावा. पहिल्या महायुद्धानंतर हा जर्मन भाषक डोंगराळ प्रांत ऑस्ट्रियाकडून इटलीकडे गेला, मुसोलिनीच्या काळात तिथल्या जर्मन शाळा बंद झाल्या, गावांची नावं बदलली. १९४६मध्ये ऑस्ट्रिया-इटली करार झाला, पण पहिली स्वायत्तता शेजारच्या इटालियन बहुसंख्य प्रांताशी जोडून दिल्यानं पोकळ ठरली. १९६०मध्ये ऑस्ट्रियानं प्रश्न संयुक्त राष्ट्रांत नेला, १९६१मध्ये विजेचे मनोरे उडवले गेले. १९६९मध्ये १३७ उपायांवर समझोता झाला आणि १९७२चा स्वायत्तता कायदा आला. सीमा हलली नाही. तिथे नागरिक ज्या भाषेत लिहितो त्याच भाषेत कचेरीनं उत्तर द्यायचं असतं, आणि सरकारी नोकराला दोन्ही भाषांची परीक्षा द्यावी लागते. आपल्या ३५०मध्ये नेमका हाच अर्धा भाग नाही. खिडकीपलीकडे बसलेल्या तरुण कारकुनाला मराठी वाचताच येत नसेल, तर त्याच्यावर चिडून मराठी उत्तर मिळत नाही. त्याच्या नेमणुकीच्या अटींत ती भाषा असावी लागते.

इकडची बाजू

ठाण्यात-नवी मुंबईत बसून हे मागताना एक गोष्ट विसरता येत नाही. जत आणि अक्कलकोट तालुक्यांत कन्नड भाषक मोठ्या संख्येनं आहेत, कन्नड माध्यमाच्या शाळा आहेत. तिथल्या शेतकऱ्यानं कन्नड अर्ज दिला तर अनुच्छेद ३५० त्यालाही तसाच लागू आहे. एप्रिल २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयानं अकोला जिल्ह्यातल्या पातूर नगरपरिषदेच्या फलकावर मराठीबरोबर उर्दू ठेवायला हरकत नाही असा निकाल दिला. महाराष्ट्राचा २०२२चा स्थानिक प्राधिकरण राजभाषा कायदा दुसऱ्या भाषेला मज्जाव करत नाही, असं त्यात म्हटलं आहे. खानापूरच्या मराठी पाटीसाठी युक्तिवाद करणाऱ्यानं हा निकाल पाठ करावा. तो आपल्याच राज्यातल्या ‘फक्त मराठी’च्या आग्रहाविरुद्ध गेला म्हणून टाळला, तर सीमेपलीकडे मागायला तोंड राहणार नाही.

घणसोलीच्या घराची हरकत नोंदली गेली. सुनावणीत जुना फेरफार दाखवला, बहिणीचं नाव लावायचं ठरलं, चुलत्यांनी वंशवृक्षावर सही दिली. मराठी अनुवादाच्या विनंतीला उत्तर आलं नाही, म्हणून ती पोचपावतीसह भाषिक अल्पसंख्याक आयुक्तालयाकडे पाठवली. दुरुस्त नोंदीची सूचना आली तीही कन्नडच. ती आली त्याच संध्याकाळी शिक्षकांकडे नेऊन वाचून घेतली. बहिणीचं नाव बरोबर होतं; हिस्सा क्रमांक चुकला होता. दुरुस्तीचा एक पानी अर्ज, डावीकडे मराठी आणि उजवीकडे कन्नड, दुसऱ्या दिवशी टपालात पडला.